अल्बर्ट मेझल्स आणि त्यांचा कॅमेरा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अमेरिकी माहितीपटांबद्दल वाचायला लागलं की अल्बर्ट मेझल्स हे नाव लगेच समोर येतं. बहुतेक लेखन त्यांच्या गाजलेल्या चित्रपटांच्या विषयांवर थांबतं: केनेडी, बीटल्स, रोलिंग स्टोन्स, पडक्या बंगल्यातल्या दोघी. या पानावरचे प्रश्न मुख्यतः त्यांच्या छायालेखनाबद्दल आहेत. ते कुठे उभे राहत, कशाकडे पाहत, कोणती साधनं वापरत आणि का, हे समजून घ्यायचं आहे. चरित्र गरजेपुरतंच येईल.

अल्बर्ट मेझल्स कोण होते?

माहितीपटांचे छायालेखक आणि दिग्दर्शक. जन्म २६ नोव्हेंबर १९२६, बॉस्टन. मृत्यू ५ मार्च २०१५, न्यूयॉर्क. आई-वडील पूर्व युरोपातून आलेले ज्यू स्थलांतरित होते. वडील पोस्टात कारकून, आई शिक्षिका. दुसऱ्या महायुद्धात अल्बर्ट अमेरिकी सैन्याच्या रणगाडा दलात होते. परतल्यावर ते मानसशास्त्र शिकले आणि बॉस्टन विद्यापीठात तोच विषय शिकवू लागले. धाकटा भाऊ डेव्हिड याच्यासोबत त्यांनी सर्वांत महत्त्वाचे चित्रपट केले. डेव्हिड १९८७ मध्ये गेला. त्यानंतरही अल्बर्ट अठ्ठावीस वर्षं, अगदी शेवटच्या आजारपणापर्यंत, कॅमेरा चालवत होते.

मानसशास्त्राचा शिक्षक कॅमेऱ्याकडे कसा वळला?

१९५५ साली त्यांना सोव्हिएत रशियातली मनोरुग्णालयं पाहायची होती. शीतयुद्धाचा तो काळ. अमेरिकी माणसाने तिथे जाणं हीच मोठी गोष्ट होती. सीबीएस या दूरचित्रवाणी कंपनीकडून त्यांनी १६ मिमीचा कॅमेरा उसना मिळवला आणि चित्रपटाचं कसलंही शिक्षण नसताना ते निघाले. त्या प्रवासातून 'सायकायट्री इन रशिया' ही छोटी फिल्म झाली. दोन वर्षांनी दोघे भाऊ मोटारसायकलवरून पूर्व युरोपात गेले आणि पोलंडमधल्या तरुणांवर फिल्म करून आले.

पहिल्या फिल्मला निवेदन आहे. पुढे त्यांनी निवेदन जवळजवळ हद्दपार केलं. पण त्यांचा पुढचा सगळा मार्ग मला इथेच दिसतो. ते रशियाला चित्रपट करायला गेले नव्हते. आपल्या देशात ज्यांना शत्रू म्हणतात ती माणसं आजारी पडली की कशी दिसतात, त्यांच्याशी कोण कसं वागतं, हे त्यांना जवळून पाहायचं होतं. कॅमेरा त्या पाहण्यासाठी हातात आला. पुढची साठ वर्षं हा क्रम बदलला नाही: आधी माणसाबद्दलची ओढ, मग कॅमेरा. त्यांची लेन्सची निवड, प्रकाशाबद्दलचा हट्ट, कॅमेऱ्याची केलेली मोडतोड, सगळं या ओढीतून आलेलं आहे. त्यांची शैली म्हणून जे ओळखलं जातं त्याचं मूळ मला तिथे वाटतं, तंत्रात नाही.

'प्रायमरी'मध्ये त्यांनी नेमकं काय केलं, की साठ वर्षांनंतरही त्या शॉटबद्दल बोललं जातं?

१९६० च्या वसंतात अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यात डेमोक्रॅटिक पक्षाची, राष्ट्राध्यक्षपदाचा उमेदवार ठरवण्यासाठीची प्राथमिक निवडणूक होती. उमेदवार होते जॉन केनेडी आणि ह्युबर्ट हम्फ्री. रॉबर्ट ड्रू यांनी जमवलेल्या गटाने दोघांच्या मागोमाग फिरून ती 'प्रायमरी' या माहितीपटात टिपली. रिचर्ड लीकॉक, डी. ए. पेनेबेकर, टेरेन्स मॅकार्टनी-फिलगेट आणि अल्बर्ट मेझल्स हे त्या गटातले कॅमेरे हाताळणारे.

मेझल्स यांचा प्रसिद्ध शॉट मिलवॉकीतल्या एका सभागृहातला आहे. केनेडी गर्दीतून वाट काढत आत शिरतात. मेझल्स त्यांच्या अगदी मागे आहेत, कॅमेरा डोक्यावर धरलेला, लेन्स वाइड-अँगल, म्हणजे जास्त रुंद दृश्य टिपणारी. पुढे केनेडींचं डोकं आणि खांदे, दोन्ही बाजूंनी येणारे हात, दार, अरुंद वाट, पायऱ्या, मग अचानक उघडणारं मंच आणि समोरचा जमाव. मध्ये कट नाही. त्या काळी राजकारणी पडद्यावर दिसायचा तो भाषण करताना, ट्रायपॉडवरच्या कॅमेऱ्यासमोर, पुरेशा अंतरावरून. इथे प्रेक्षक पहिल्यांदा उमेदवाराच्या पाठीमागून चालत गेला. प्रसिद्धी शरीराला कशी चहूबाजूंनी दाबते, हे त्याला कुणी सांगावं लागलं नाही.

या शॉटचं तांत्रिक कौतुक पुष्कळ झालं आहे, आणि ते रास्तच आहे. वाइड लेन्समुळे चालताना बसणारे हिसके कमी जाणवतात, फोकस फारसा बदलावा लागत नाही, आणि माणसाच्या इतकं जवळ असूनही भोवतालची खोली दिसत राहते. पण त्याच सभेतला दुसरा एक शॉट मला अधिक मोलाचा वाटतो. जॅकलिन केनेडी मंचावर बोलायला उभ्या राहतात. गर्दीत बरीच माणसं पोलिश वंशाची आहेत म्हणून त्या पोलिशमध्ये चार शब्द बोलतात. कॅमेरा त्यांच्या चेहऱ्यावर न थांबता पाठीमागे धरलेल्या हातांकडे जातो. पांढरे हातमोजे घातलेली बोटं एकमेकांत अडकतात, सुटतात, पुन्हा अडकतात. समोरच्या लोकांना फक्त हसरा चेहरा दिसतोय. आपल्याला त्या बाईंवरचा ताण दिसतो. असं पाहण्याची बुद्धी कुठल्याही लेन्सबरोबर मिळत नाही.

'डायरेक्ट सिनेमा' आणि 'सिनेमा व्हेरिते' यांत फरक काय?

दोन्ही एकाच सुमारास, एकाच नव्या हलक्या साधनांवर उभे राहिले. फरक कॅमेरा चालवणाऱ्याच्या भूमिकेत आहे. फ्रान्समध्ये झां रूश आणि एदगार मोरँ लोकांना प्रश्न विचारत, त्यांना एकत्र बसवून वाद घडवत, चित्रित झालेलं त्यांनाच दाखवून पुन्हा प्रतिक्रिया टिपत. कॅमेऱ्यामुळे काही घडावं, अशीच त्यांची इच्छा होती. अमेरिकेतल्या ड्रू गटाची आणि मेझल्स बंधूंची पद्धत उलट: मुलाखत नको, निवेदन नको, प्रसंग घडवून आणणं नको, जे घडतंय त्याच्याबरोबर राहा. प्रत्यक्षात सीमारेषा इतकी स्वच्छ नाही. 'ग्रे गार्डन्स' या चित्रपटात मेझल्स बंधूंशी पडक्या बंगल्यातल्या त्या दोघी सतत बोलतात आणि भाऊही उत्तरं देतात.

डेव्हिड मेझल्स काय करत? कॅमेरा तर अल्बर्ट यांच्याकडे होता ना?

डेव्हिड ध्वनिमुद्रण करत. पण 'ध्वनिमुद्रक' म्हटल्याने त्यांचं काम निम्मंही कळत नाही. १९६२ मध्ये दोघांनी स्वतःची कंपनी काढली, तेव्हापासून सगळी टोळी म्हणजे हे दोघंच. अल्बर्ट यांचा एक डोळा व्ह्यूफाइंडरला लागलेला असे. खोलीत दुसऱ्या कोपऱ्यात काय चाललंय, कोण बोलायच्या बेतात आहे, हे डेव्हिड कानांनी ओळखत आणि माइक तिकडे वळवत. माइक वळला की कॅमेऱ्याला इशारा मिळे. माणसांशी ओळख करून घेणं, त्यांचा विश्वास सांभाळणं, काय चित्रित करायचं याची दिशा ठरवणं, आणि नंतर संकलनाच्या खोलीत तासन्‌तास बसणं, यांतही डेव्हिड यांचा वाटा मोठा होता. अल्बर्ट संकलनापासून बरेच लांब राहत.

दोनच माणसं असण्याचा परिणाम पडद्यावर दिसतो. कुणाच्या स्वयंपाकघरात पाच-सहा माणसं, दिवे, केबल घेऊन शिरली तर त्या घराचं घरपण संपतं. दोघंजण कोपऱ्यात उभे राहिले तर थोड्या वेळाने घर आपल्या वळणावर येतं.

ते कोणता कॅमेरा वापरत?

साठच्या दशकात १६ मिमीचा, स्वतःला हवा तसा बदलून घेतलेला. तेव्हा आवाजासह चित्रीकरण करणारे ऑरिकॉनसारखे कॅमेरे मिळत, पण ते मूळचे ट्रायपॉडवर ठेवण्यासाठी बनवलेले होते. ड्रू गटातल्यांनी त्यांची धातूची अंगं कापून, भाग हलवून ते उचलण्याजोगे केले. मेझल्स यांनी पुढे खांद्यावर समतोल बसेल असा कॅमेरा आपल्यासाठी जमवला. वजन पुढे झुकलं की हात थकतो, हात थकला की शॉट लवकर संपतो. तासभर एका माणसासमोर उभं राहायचं असेल तर वजन हाताने पेलण्याऐवजी खांद्यावर आणि कमरेवर यायला हवं.

दुसरी अडचण आवाजाची. कॅमेरा आणि टेपरेकॉर्डर एकाच वेगाने चालले नाहीत तर ओठ आणि शब्द जुळत नाहीत. सुरुवातीला त्यासाठी दोघांमध्ये केबल असे. म्हणजे दोन माणसं एकमेकांना बांधलेली. लीकॉक आणि पेनेबेकर यांनी बुलोव्हा कंपनीच्या अ‍ॅक्युट्रॉन या ट्यूनिंग फोर्कवर चालणाऱ्या घड्याळाचा वापर करून दोन्ही यंत्रांना वेगवेगळं पण अचूक चालवलं. नंतर क्वार्ट्‌झ क्रिस्टल आले. नागरा हा स्टेफान कुदेल्स्की यांनी तयार केलेला टेपरेकॉर्डर खांद्याला अडकवून कुठेही नेता येई. केबल तुटली आणि दोघा भावांना खोलीच्या दोन टोकांना उभं राहता आलं.

रिळाची मर्यादाही लक्षात ठेवा. १६ मिमीचं ४०० फुटी रीळ सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने साधारण ११ मिनिटं चालतं. मग मॅगझिन, म्हणजे कॅमेऱ्यातली रिळाची पेटी, बदलायचं. कधी बटण दाबायचं, त्याहून कधी थांबायचं, हा निर्णय छायालेखकाला मिनिटामिनिटाला घ्यावा लागे.

त्यांचा शॉट ओळखायचा कसा?

पहिली खूण: बोलणाऱ्याइतकंच ऐकणाऱ्याकडे लक्ष. बहुतेक कॅमेरे आवाजाच्या मागे धावतात. मेझल्स यांचा कॅमेरा पुष्कळदा न बोलणाऱ्यावर थांबतो. 'गिमी शेल्टर' या चित्रपटात रोलिंग स्टोन्स या रॉक बँडचे सदस्य अलाबामातल्या मसल शोल्स इथल्या स्टुडिओत नुकतंच ध्वनिमुद्रित केलेलं गाणं ऐकत बसले आहेत. काहीही घडत नाही. कॅमेरा कीथ रिचर्ड्‌स यांच्या ओठांवरून त्यांच्या ताल धरणाऱ्या बुटांवर उतरतो. मग चार्ली वॉट्‌स यांच्या चेहऱ्यावर येतो आणि तिथेच राहतो. वॉट्‌स सरळ लेन्सकडे पाहतात, नजर हटवतात, पुन्हा पाहतात. दुसऱ्या कुणीही तो शॉट केव्हाच सोडून दिला असता. तो टिकल्यामुळे, आपलंच काम परक्यासारखं ऐकणारा एक संकोची माणूस आपल्याला भेटतो.

दुसरी खूण हातांची. चेहरा सांभाळता येतो, हात सांभाळले जात नाहीत. हातमोज्यांचा शॉट वर आलाच आहे. पण हे सूत्र म्हणून वापरलेलं नाही. चेहऱ्यावर सगळं दिसत असेल तर ते हातांकडे वळत नाहीत.

तिसरी गोष्ट झूमची. झूमवर खूप टीका होते, आणि साठ-सत्तरच्या दशकातले कितीतरी माहितीपट पाहून ती पटतेही. मेझल्स यांचा झूम सावकाश जवळ जातो, एखादी गोष्ट अधिक नीट कळावी म्हणून माणूस पुढे झुकतो तसा. झूमची कडी हाताने फिरवली जात असल्याने त्याचा वेग प्रसंगाबरोबर कमी-जास्त होतो, मधेच थबकतो. विजेवर चालणाऱ्या झूमचा एकसुरी सरकता वेग त्यांना नको असे.

आणि एक गैरसमज. 'हलणारा, डगमगणारा कॅमेरा म्हणजे मेझल्स शैली' असं अनेकदा लिहिलं जातं. त्यांचे शॉट लक्षपूर्वक पाहा. ते आश्चर्य वाटावं इतके स्थिर आहेत. हात कमालीचा शांत, चौकट नीट बांधलेली, फोकस शोधताना झालेली थोडी चुळबुळ वगळता कुठेही घाई नाही. आजच्या जाहिरातींत आणि मालिकांत खरेपणाचा आव आणण्यासाठी मुद्दाम कॅमेरा हलवतात, त्याचा आणि यांचा काडीचाही संबंध नाही.

दिवे का लावत नसत?

उपलब्ध प्रकाश त्यांना अधिक खरा वाटे, आणि दिवा लावला की माणूस सावध होतो. किंमत मोजावी लागे: दाणेदार प्रतिमा, काळोखात बुडालेले कोपरे, खिडकीसमोर काळा पडलेला चेहरा. त्यांनी ती मोजली.

'सेल्समन' इतका महत्त्वाचा का मानतात?

कारण त्यात कुणी प्रसिद्ध नाही. तोपर्यंतच्या डायरेक्ट सिनेमाचा भर संकटावर असे: निवडणूक, खटला, शर्यत. शेवटी कोण जिंकतो याची उत्सुकता चित्रपटाला पुढे ढकलत राही. मेझल्स बंधूंनी घरोघर फिरून बायबल विकणारे चार विक्रेते निवडले. सचित्र बायबलची किंमत ४९ डॉलर ९५ सेंट, गिऱ्हाईक बहुतेक हातातोंडाशी गाठ असलेली कॅथलिक कुटुंबं. दोघा भावांनी तरुणपणी स्वतः दारोदार विक्री केली होती, त्यामुळे ते जग त्यांना आतून माहीत होतं. चित्रपटाचा खर्च त्यांनी स्वतः उचलला. १९६९ मध्ये तो प्रदर्शित झाला.

छायालेखनासाठी मी हा त्यांचा सर्वोत्तम चित्रपट मानतो, 'ग्रे गार्डन्स'च्याही वर. पहिलाच प्रसंग घ्या. पॉल ब्रेनन हा विक्रेता एका बाईला बायबल दाखवतो आहे, तिची छोटी मुलगी जवळ आहे. विक्री होणार नाही हे हळूहळू स्पष्ट होतं. मुलगी उठून पियानोकडे जाते आणि काहीबाही वाजवू लागते. कॅमेरा ब्रेननच्या चेहऱ्यावर आहे. हसू अजून ओठांवर आहे, डोळ्यांतून गेलेलं आहे.

पुढे फ्लोरिडात ब्रेनन ओपा-लॉका गावात गाडी घेऊन रस्ता चुकतो. तिथल्या रस्त्यांना अरबी कथांमधली नावं आहेत. गाडीतली जागा ती किती. कॅमेरा शेजारच्या सीटवर, माणूस एकटाच बडबडतोय. दुसऱ्या एका घरात नवरा रेकॉर्ड लावतो आणि संगीताच्या आवाजातच विक्रीचं बोलणं चालू राहतं. या सगळ्या खोल्या लहान, छत खाली, दिवा एखादाच. मेझल्स कुठेही कॅमेरा वर नेऊन या माणसांकडे खाली पाहत नाहीत. बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीला लेन्स असते. विक्रेता गरिबांच्या गळी बायबल उतरवतोय हेही दिसतं, आणि तो स्वतःच त्या धंद्यात पिचतोय हेही. दोघांपैकी कुणाचीही बाजू कॅमेरा घेत नाही, कारण त्याला दोघांबद्दलही कळकळ आहे.

१९९२ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत 'सेल्समन'चा समावेश झाला.

अल्टामाँटचा तो खून अल्बर्ट यांनीच टिपला का?

नाही. ६ डिसेंबर १९६९ रोजी कॅलिफोर्नियातल्या अल्टामाँट इथे रोलिंग स्टोन्सची विनामूल्य मैफल झाली. व्यवस्थेसाठी हेल्स एंजल्स या मोटारसायकल टोळीला मंचाभोवती उभं केलं होतं. गाणं चालू असताना मेरेडिथ हंटर या अठरा वर्षांच्या कृष्णवर्णीय तरुणाला टोळीतल्या एकाने भोसकलं. त्या दिवशी अनेक कॅमेरे चालू होते. तो क्षण बेयर्ड ब्रायंट या छायालेखकाच्या कॅमेऱ्यात आला, आणि आपण काय टिपलं आहे हे त्याला त्या वेळी कळलंही नव्हतं. 'गिमी शेल्टर'मध्ये बँडचे गायक मिक जॅगर संकलनाच्या टेबलाशी बसून ते दृश्य पाहतात. डेव्हिड रीळ मागे घेऊन सावकाश दाखवतात. एवढ्या मोठ्या घटनेनंतर कॅमेरा शेवटी एका माणसाच्या, पाहणाऱ्याच्या, चेहऱ्याशी येतो.

'ग्रे गार्डन्स' म्हणजे दोन असहाय बायकांचं शोषण नाही का?

हा प्रश्न १९७५ पासून विचारला जातोय आणि तो झटकून टाकता येण्यासारखा नाही. जॅकलिन केनेडी यांची आत्या ईडिथ बूव्हिए बील आणि तिची मुलगी ईडी, न्यूयॉर्क राज्यातल्या ईस्ट हॅम्प्टनमधल्या मोडकळीला आलेल्या मोठ्या घरात मांजरं आणि रॅकून हे रानटी प्राणी यांच्यासह राहत होत्या. आरोग्य खात्याने घरावर कारवाई केली होती, वर्तमानपत्रांत बातम्या छापून आल्या होत्या. मेझल्स बंधू तिथे आधी वेगळ्याच, कुटुंबाच्या आठवणींवरच्या चित्रपटाच्या निमित्ताने गेले होते. तो प्रकल्प बारगळला आणि ते या दोघींसाठी परत आले.

आक्षेप असे: म्हाताऱ्या शरीराचं उघडेपण दाखवलं, मनाने अस्थिर असलेल्या व्यक्तीची संमती खरी मानली, श्रीमंतांच्या पडझडीची मजा लुटू दिली. त्या काळच्या काही समीक्षकांनी हे कडक शब्दांत लिहिलं. दुसऱ्या बाजूने, चित्रपट आधी त्या दोघींना त्यांच्या घरी दाखवण्यात आला, दोघींना तो आवडला, आणि ईडीने पुढे आयुष्यभर त्याची बाजू घेतली.

माझ्या मते संमती एवढ्याने प्रश्न मिटत नाही. उत्तर शॉटमध्ये शोधायला हवं. घरातली घाण बहुतेक वेळा ईडीच्या मागोमाग येते. ती माळ्यावर रॅकूनना पाव टाकायला जाते, कॅमेरा तिच्याबरोबर जातो. आई पलंगावर बसून गाते, तेव्हा कॅमेरा तिच्या तोंडावर थांबतो आणि गाणं पूर्ण होऊ देतो. भोवतीचा पसारा चौकटीत आहे, पण त्यावर बोट ठेवलेलं नाही. ईडी नाचते तेव्हा पूर्ण शरीर दिसेल एवढं अंतर राखलेलं आहे, कारण तिला नर्तकी म्हणून पाहिलं जायला हवं आहे. तिचं भावांशी लाडिक बोलणं, आरशात दिसणारे दोघं भाऊ, हे कापलेलं नाही. या घरात दोन परके पुरुष आलेले आहेत आणि त्यांच्या येण्याने काही बदललं आहे, हे चित्रपट लपवत नाही. मला तो प्रामाणिकपणा पुरेसा वाटतो. आईच्या उघड्या अंगाचे काही क्षण मात्र नसते तरी चित्रपट उणा पडला नसता, असं दर वेळी वाटतं.

लोक कॅमेऱ्यासमोर वेगळे वागतात, मग हे 'खरं' कसं?

वेगळे वागतातच. मेझल्स यांनी निवडलेली माणसं पाहा: विक्रेता, गायक, राजकारणी, नटी व्हायचं राहून गेलेली ईडी. सादरीकरण हा त्यांच्या जगण्याचाच भाग आहे. कॅमेरा पुरेसा वेळ थांबला की सादरीकरणातली फट दिसते, आणि मेझल्स त्या फटीची वाट पाहतात.

बीटल्सवरची फिल्म?

फेब्रुवारी १९६४ मध्ये बीटल्स पहिल्यांदा अमेरिकेत उतरले तेव्हा ग्रॅनडा या ब्रिटिश दूरचित्रवाणी कंपनीसाठी दोघा भावांनी ती केली. मैफलींपेक्षा हॉटेलच्या खोल्या, रेल्वेचा डबा, गाडी यांत ती अधिक रमते. छायालेखनाच्या दृष्टीने चालत्या डब्यातले प्रसंग पाहण्यासारखे आहेत.

मग श्रेय कुणाचं? संकलक नेहमी मागेच का राहतात?

राहू नयेत, आणि मेझल्स बंधूंच्या बाबतीत श्रेयनामावलीतही ते राहिले नाहीत. शार्लट झ्वेरिन यांचं नाव 'सेल्समन' आणि 'गिमी शेल्टर'च्या दिग्दर्शकांमध्ये आहे. 'ग्रे गार्डन्स'च्या दिग्दर्शकांमध्ये एलन होव्डी आणि मफी मायर. पटकथा नसलेल्या चित्रपटात कथा संकलनाच्या टेबलावरच घडते. पुष्कळ फुटेजमधून ब्रेनन हा केंद्रबिंदू ठरणं, हा संकलनाचाच निर्णय. छायालेखकाने सुरुवात आणि शेवट सांभाळून, तुटेपर्यंत ताणून शॉट घेतले असतील तरच संकलकाला हे साधतं.

पोट कशावर चाललं?

जाहिराती आणि कंपन्यांसाठी केलेल्या फिल्म्स यांवर. स्वतःच्या चित्रपटांना त्यांतून पैसा मिळे.

डेव्हिड गेल्यानंतर काय केलं?

सुझन फ्रोमके यांच्यासारख्या जुन्या सहकाऱ्यांबरोबर काम चालू ठेवलं. संगीतकारांवर चित्रपट केले. मिसिसिपीतल्या कापूस पिकवणाऱ्या भागातल्या गरीब कृष्णवर्णीय कुटुंबावरच्या 'लालीज किन'साठी त्यांना २००१ च्या सनडान्स महोत्सवात छायालेखनाचा पुरस्कार मिळाला. चित्रपटाला ऑस्करचं नामांकनही होतं.

क्रिस्तो आणि जान-क्लोद या कलावंत दांपत्यावरची मालिका तर दोन्ही कालखंडांना जोडते. कोलोराडोतल्या दरीत टांगलेला नारिंगी पडदा, कॅलिफोर्नियातल्या टेकड्यांवरून समुद्रात उतरणारं सुमारे ३९ किलोमीटरचं कापडी कुंपण, अशा त्यांच्या प्रचंड कलाकृतींवर मेझल्स यांनी सहा चित्रपट केले. न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये केशरी कापडाची प्रवेशद्वारं उभारण्याचा प्रस्ताव १९८१ मध्ये फेटाळला गेला, तेव्हाच्या बैठका दोघा भावांनी टिपल्या होत्या. परवानगी मिळून ७,५०३ दारं उभी राहिली फेब्रुवारी २००५ मध्ये. डेव्हिड तोवर नव्हते. २००७ च्या 'द गेट्‌स'मध्ये तरुण क्रिस्तो आणि वृद्ध क्रिस्तो दोघेही आहेत, आणि दोघांनाही पाहणारा डोळा तोच आहे.

डिजिटल कॅमेरे आल्यावर त्यांनी फिल्मचा आग्रह धरला का?

अजिबात नाही. सत्तरी ओलांडल्यावर त्यांनी सोनीचा पीडी-१५० हा छोटा व्हिडिओ कॅमेरा उचलला आणि त्याचे गुण उघडपणे सांगितले. कॅसेट दीर्घ काळ चालते, यंत्र आवाज करत नाही, एका हातात मावतं, आणि महत्त्वाचं म्हणजे छायालेखकाचा चेहरा झाकत नाही. समोरच्याशी नजरानजर ठेवून चित्रित करता येतं. आयुष्यभर ज्या जवळिकीसाठी ते यंत्रं कापत-जोडत राहिले ती दुकानातच मिळू लागली होती.

पुरस्कार आणि सन्मान?

वर आलेले सोडून मुख्य सन्मान: अमेरिकेचं नॅशनल मेडल ऑफ आर्ट्‌स, जे राष्ट्राध्यक्ष ओबामा यांच्या हस्ते २०१४ मध्ये मिळालं. फ्रेंच दिग्दर्शक झां-ल्यूक गोदार यांनी त्यांना अमेरिकेतला सर्वोत्तम कॅमेरामन म्हटलं होतं आणि १९६५ च्या एका लघुपटाचं छायालेखन त्यांच्याकडून करून घेतलं होतं. न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात मेझल्स यांनी माहितीपटांसाठी केंद्र आणि छोटं चित्रपटगृह उभारलं, जिथे परिसरातल्या मुलांनाही चित्रपट करायला शिकवलं जातं. पदकापेक्षा हे मोठं.

नवोदित छायालेखकाने त्यांच्याकडून काय घ्यावं?

ते स्वतः तरुणांना अगदी साध्या गोष्टी सांगत. कॅमेऱ्यासोबत आलेली माहितीपुस्तिका वाचा. चालताना लेन्स पूर्ण वाइड ठेवा. शॉटच्या सुरुवातीला आणि शेवटाला थांबा, संकलकाला ते लागतं. ट्रायपॉड नको, दिवे नको. आधीच ठरवलेलं मत घेऊन जाऊ नका. ज्याला चित्रित करताय त्याच्यावर प्रेम करा.

शेवटच्या सूचनेकडे लोक भावनिक वाक्य म्हणून पाहतात. मला ती सर्वांत व्यावहारिक वाटते. ज्या माणसाबद्दल तुम्हाला आस्था आहे त्याचं पुढचं वाक्य, पुढची हालचाल तुम्हाला आधी जाणवते, आणि कॅमेरा वेळेवर पोहोचतो. आस्था नसेल तर तुम्ही कायम अर्धा सेकंद उशिरा असता. करून पाहायचं असेल तर घरातल्याच कुणाला तरी काम करताना, त्यांची परवानगी घेऊन, एकही प्रश्न न विचारता सलग दहा मिनिटं चित्रित करा. कुठे कंटाळा आला ते लिहून ठेवा, आणि नंतर त्या जागी चौकटीत काय होतं ते तपासा.

पाहायला सुरुवात कुठून करावी?

'सेल्समन'पासून. मग 'गिमी शेल्टर', आणि त्यानंतर 'ग्रे गार्डन्स'. 'प्रायमरी' लहान आहे, मधे कधीही पाहता येईल. 'ग्रे गार्डन्स' आवडला तर २००६ मध्ये उरलेल्या फुटेजमधून तयार झालेला 'द बील्स ऑफ ग्रे गार्डन्स' जरूर पाहा. एकाच चित्रीकरणातून संकलनाने किती वेगळी माणसं उभी राहतात ते कळतं. उत्तरार्धातलं काम पाहायचं तर 'आयरिस' घ्या: नव्वदी पार केलेल्या, फॅशनच्या जगात गाजलेल्या आयरिस अ‍ॅपफेल यांना सत्त्याऐंशीच्या घरातला छायालेखक चित्रित करतोय, आणि त्या मधूनच कॅमेऱ्यामागे असलेल्या अल्बर्ट यांच्याशी बोलतात. शिकागोहून पश्चिमेकडे जाणाऱ्या 'एम्पायर बिल्डर' गाडीतल्या प्रवाशांवरचा 'इन ट्रान्झिट' त्यांनी इतर तरुण दिग्दर्शकांसोबत केला. तो त्यांच्या निधनानंतर २०१५ मध्येच दाखवला गेला.